ओट्यावर बसून जगाची फेरी

वाचकहो, सुगीची कामे आटोपली आणि धान्य घरात आले, की आपल्याकडे यात्रेचे वेध लागतात. कुणी पंढरीची वाट धरतो, कुणी तुळजापूरची, कुणी जेजुरीची. पूर्वी बैलगाडीतून दिसे तेवढेच जग असे. आता एस.टी. आहे, रेल्वे आहे, दारात मोटारसायकल आहे. तरीही शेतकऱ्याच्या घराला कुलूप लावून आठ दिवस बाहेर पडता येते का? धार कोण काढणार? रात्री वीज आली की मोटार कोण सुरू करणार? घरातल्या बायकांना तर त्याहूनही कमी सवड. म्हणून आज तुम्हाला अशा एका सफरीची ओळख करून देतो, जिला तिकीट लागत नाही आणि गडीही ठेवावा लागत नाही. लागतो तो घरातला एक मोबाइल आणि शेतकऱ्याची नजर. पैकी दुसरी वस्तू तुमच्याकडे शहरवाल्यापेक्षा जास्त आहे, हेच मला आज सांगायचे आहे.

खेळ काय आहे?

या खेळाचे नाव जिओगेसर. स्वीडन देशातल्या आंतोन वालेन या गृहस्थाने तो २०१३ साली तयार केला. खेळ अगदी सोपा. मोबाइलच्या पडद्यावर जगातल्या कुठल्या तरी रस्त्याचे चित्र येते. बोटाने ते चित्र फिरवून चारी दिशा पाहायच्या, जमल्यास रस्त्याने थोडे पुढे सरकायचे आणि मग नकाशावर खूण करायची, की मी इथे उभा आहे. खूण खऱ्या जागेच्या जितकी जवळ, तितके गुण जास्त. एका चित्राला जास्तीत जास्त ५,००० गुण. पाच चित्रांचा एक डाव, म्हणजे पैकीच्या पैकी २५,०००.

ही चित्रे गुगल कंपनीच्या गाड्यांनी काढलेली असतात. गाडीच्या टपावर चारी बाजूंनी पाहणारा कॅमेरा बसवतात आणि गाडी रस्त्याने चालत राहते. २००७ साली अमेरिकेतल्या पाच शहरांपासून हे काम सुरू झाले. आपल्या देशात २०११ साली बंगळूरला आरंभ झाला होता, पण सुरक्षेच्या कारणावरून तो थांबवावा लागला. पुढे २०२२ च्या जुलैत भारतीय कंपन्यांच्या मदतीने दहा शहरे खुली झाली. त्या दहांत आपल्या महाराष्ट्रातली चार होती : मुंबई, पुणे, नाशिक आणि आताचे अहिल्यानगर. चित्रातल्या माणसांचे चेहरे व गाड्यांचे नंबर पुसट केलेले असतात.

या खेळाचे वेड जगभर इतके, की २०२३ साली स्टॉकहोममध्ये त्याची विश्वचषक स्पर्धा भरली. तिथली पोरे एका नजरेत देश सांगतात. ही काही जादू नव्हे. तीही सवयीची गोष्ट आहे, बैलाचे दात पाहून वय सांगावे तशी.

तीन चाळण्या

नवा खेळाडू चित्र पाहिले की गोंधळतो आणि कुठेही खूण करतो. तुम्ही तसे करू नका. धान्य चाळतो तसे करा : आधी मोठी चाळण, मग मधली, शेवटी बारीक.

मोठी चाळण सूर्याची. पडद्यावर होकायंत्र असते. दुपारचा सूर्य दक्षिणेकडे असेल तर आपण बहुधा पृथ्वीच्या उत्तर भागात आहोत, उत्तरेकडे असेल तर दक्षिण भागात. इथे एक खाचखळगा आहे. आपल्या महाराष्ट्रात उन्हाळ्याच्या शेवटी सूर्य डोक्यावरून उत्तरेला सरकतो. मुंबईत मेच्या मध्याला आणि पुन्हा जुलैच्या अखेरीस दुपारी सावली पायाखाली येते. मधल्या काळात दुपारचा सूर्य उत्तरेकडेच असतो. म्हणून सूर्याबरोबर घरांवरच्या टी.व्ही.च्या डिशही पाहा. उपग्रह विषुववृत्तावर असतात, त्यामुळे आपल्याकडच्या डिश दक्षिणेच्या अंगाला तोंड करून बसतात, तर ब्राझील-ऑस्ट्रेलियातल्या उत्तरेकडे.

मधली चाळण रस्त्याची. वाहने डाव्या बाजूने चालली आहेत की उजव्या? डाव्या बाजूने असतील तर भारत, श्रीलंका, थायलंड, जपान, ऑस्ट्रेलिया, केनिया, दक्षिण आफ्रिका, इंग्लंड असे मोजके देश उरतात. अमेरिका, ब्राझील, फ्रान्स, रशिया, घाना हे सगळे उजवीकडचे. एका नजरेत अर्ध्याहून अधिक जग चाळणीतून खाली पडले.

बारीक चाळण पाट्यांची. देवनागरी दिसली तर भारत किंवा नेपाळ. त्यातही पाटीवर ‘ळ’ अक्षर दिसले तर मराठी मुलूख जवळ आला असे समजा, कारण हिंदीच्या पाट्यांवर हे अक्षर क्वचितच भेटते. मैलाच्या दगडाकडेही लक्ष द्या. पिवळ्या डोक्याचा दगड राष्ट्रीय महामार्गाचा, हिरव्या डोक्याचा राज्य महामार्गाचा, नारिंगी डोक्याचा ग्रामसडक योजनेचा. आयुष्यभर आपण त्यांच्या शेजारून जातो, पण रंगाचा अर्थ किती जणांना ठाऊक असतो?

मातीची ओळख

इथवरचे सगळे शहरातले पोरही शिकते. इथून पुढे तुमचा प्रांत सुरू होतो.

रस्त्याच्या कडेची माती पाहा. काळी, भेगाळलेली माती दिसली की आपले दख्खनचे पठार आठवेल. पण तांबडी माती दिसली म्हणून लगेच कोकणावर खूण करू नका. ब्राझीलच्या दक्षिण भागात, साओ पावलो आणि पराना या राज्यांत, रक्तासारखी तांबडी जमीन आहे. गंमत अशी, की ती ज्या खडकापासून झाली तो आपल्या सह्याद्रीच्या काळ्या कातळाचाच भाऊ, लाव्हा थंड होऊन झालेला. मग एकाची माती काळी, दुसऱ्याची तांबडी का? पाऊस आणि निचरा यांचा हा खेळ आहे. हेच आपल्या घरीही दिसते. महाबळेश्वरच्या माथ्यावर आणि खाली कोकणात धो धो पावसाने त्याच कातळाचा तांबडा जांभा झाला. घाट उतरून पूर्वेला, पर्जन्यछायेत, त्याच कातळाची काळी जमीन झाली. एकाच बापाची दोन लेकरे, पाण्याप्रमाणे वाढली.

मग शेताचा बांध पाहा. आपल्याकडे नजर टाकाल तिथे बांध आडवा येतो, कारण भावाभावांत वाटण्या होत गेल्या. अर्जेंटिनाच्या पंपास मैदानात किंवा ब्राझीलच्या सोयाबीनच्या मुलखात क्षितिजापर्यंत एकच शेत. बांधावरून देश ओळखता येतो आणि त्या देशातल्या माणसाची जमिनीशी काय सोयरीक आहे तेही कळते.

पीक बोलते

केळीच्या बागेत घडांवर निळ्या पिशव्या बांधलेल्या दिसल्या की इक्वेडोर मनात आणा, मात्र घाई करू नका. घड झाकण्याची रीत आता इतरत्रही आहे. द्राक्षाचे वेल मांडवावर चढलेले असतील आणि मागे बर्फाचे डोंगर उभे असतील, तर चिली असू शकेल. युरोपच्या बाजारात आपल्या नाशिकच्या द्राक्षांची ज्यांच्याशी स्पर्धा असते, त्यांच्यापैकीच हा एक देश. ज्याच्याशी बाजारात गाठ पडते त्याचा मळा एकदा डोळ्यांनी पाहावा, यात काही वाईट नाही.

सोलापूर जिल्ह्यातल्या, आमच्या ओळखीच्या एका घरातली गोष्ट सांगतो. नातू दहावीत, गणितात हुशार, शेताचे नाव काढले की नाक मुरडणारा. पडद्यावर इंग्रजी पाट्यांचा एक सरळसोट रस्ता आला. दुतर्फा पीक. पोराने अमेरिका बरोबर ओळखली आणि मका समजून आयोवा राज्यावर बोट ठेवले. शेजारी आज्जी शेंगा फोडत बसली होती. तिने चष्मा वर केला आणि म्हणाली, “आरं, ह्यो मका न्हाई. जोंधळा हाय. कणीस बघ की शेंड्याला. पर ताट कंबरंएवढंच! कडबा कुठला निघायचा ह्येला?”

पोराने पुन्हा पाहिले. खरेच शेंड्याला कणसे होती. त्याने शोध घेतला तेव्हा कळले, की अमेरिकेत ज्वारी सर्वांत जास्त पिकते ती कॅन्सस राज्यात. खूण तिकडे सरकवली आणि गुण भरभरून पडले.

पण वाचकहो, आज्जीचा दुसरा प्रश्न पहिल्यापेक्षा मोलाचा होता. ज्वारी बुटकी का? तर तिथे ती यंत्राने कापायची असते, म्हणून मुद्दाम बुटक्या जाती निवडल्या गेल्या. आपल्या मालदांडीचे ताट उंच, कारण आपल्याला दाणा माणसाला हवा आणि कडबा जनावराला. पिकाच्या उंचीवरून दावणीला बैल आहे की नाही ते कळते. हे कुठल्या पुस्तकात वाचून आज्जी बोलली नव्हती.

त्या पोराने दुसऱ्या दिवशी नांगर धरला असे काही झाले नाही. तो अभ्यास करतो आहे आणि त्याने तो करावाच. पण त्यानंतर चित्रात झाड आले, पीक आले, जनावर आले, की फोन आधी आज्जीच्या हातात जाऊ लागला. शाळेची पायरी न चढलेल्या बाईला आपल्या घरात विचारले जाते, याला मी त्या २५,००० गुणांपेक्षा मोठे मानतो. आपल्याकडे अक्षर न येणाऱ्याला अडाणी म्हणण्याची खोड आहे. माती वाचणे हेही वाचनच आहे, आणि ते शिकवणारी माणसे घरोघर म्हातारी होत चालली आहेत.

दिसते तसे नसते

आता चकवे सांगतो. गाईला वशिंड दिसले म्हणजे भारत, असे कुणीही म्हणेल. इथेच फसाल. ब्राझीलमध्ये कुरणेच्या कुरणे भरून वशिंडाची पांढरी गुरे चरतात. त्यांना नेलोर म्हणतात. आंध्रातल्या ओंगोल जातीचीच ती संतती; आपल्या नेल्लोरचेच नाव त्यांना चिकटले. तिथे गीर आहे आणि आपल्या कांकरेजपासून झालेली, गुजरातचे नाव घेऊन बसलेली गुझेराही आहे. आपली गुरे जहाजाने गेली आणि तिकडे नांदली. म्हणून पांढरी वशिंडी गुरे, तांबडी माती आणि उजवीकडून चाललेली वाहने अशी त्रयी जमली की बेलाशक ब्राझीलवर खूण करा.

झाडांचेही तसेच. नीलगिरी मूळची ऑस्ट्रेलियाची, पण पोर्तुगालात तिची जंगले आहेत आणि आपल्या बांधावरही ती उभी आहे. गुलमोहर मादागास्करचा. गाजरगवत अमेरिका खंडातले, आणि ते आपल्या किती डोक्यावर बसले आहे ते तुम्हाला सांगायला नको. एका झाडावर निकाल देऊ नका. पंचायतीसारखे करा, चार साक्षी काढा आणि मग बोला.

ऋतूचेही भान ठेवा. चित्राखाली बहुधा महिना व साल असते. आपला मराठवाडा मे महिन्यात पाहिला तर उजाड वाटेल आणि सप्टेंबरात पाहिला तर हिरवागार. ज्याने एकच चित्र पाहिले त्याने तो मुलूख पाहिला असे होत नाही.

घरी कसे खेळावे?

हा खेळ मनसोक्त खेळायचा तर वर्गणी भरावी लागते. ती भरायलाच हवी असे नाही. मोबाइलवरच्या गुगलच्या नकाशात रस्त्यांची चित्रे फुकट पाहता येतात. इंटरनेटचा डेटा तेवढा खर्च होतो. एकाने परदेशातला एखादा रस्ता निवडावा, गावाचे नाव दिसते तिथे कागदाची पट्टी धरावी आणि बाकीच्यांनी ओळखावे. शाळेचा नकाशासंग्रह मधे उघडून ठेवा. खूण केलेल्या जागेपासून खऱ्या जागेपर्यंत दोरा धरून मोजा. ज्याचा दोरा आखूड तो जिंकला. मुलांना प्रमाण, दिशा, अक्षांश-रेखांश सारे आपोआप समजते.

प्रगती हवी असेल तर एक वही घाला. प्रत्येक चुकलेल्या चित्रामागे एकच ओळ लिहा : काय दिसत होते आणि आपण ते का पाहिले नाही. महिनाभरात खंड चुकणार नाही, दोन-तीन महिन्यांत देशही बराच जमू लागेल. पथ्ये दोनच. रोज पाच चित्रांवर थांबावे, आणि पैसे भरायचा गुप्त अंक मुलांच्या हाती देऊ नये.

एक गोष्ट शेवटी ध्यानात असू द्या. कॅमेऱ्याची गाडी जिथे गेली तेवढेच जग यात आहे. चीनचा बहुतेक भाग आणि आफ्रिकेतले कितीतरी देश यात जवळजवळ नाहीत. तुमच्या वस्तीची चिखलाची पाणंदही बहुधा नसेल. म्हणून जग हिंडून आल्यावर मुलांना घेऊन त्या पाणंदीने चाला. माती कुठे बदलते, बांधावर काय उगवले आहे, सावली कुठे पडली आहे ते त्यांना विचारा, आणि त्यांना सांगता आले नाही तर तुम्ही सांगा. परक्या मुलखातला रस्ता ओळखणाऱ्या मुलाला आपल्या शेताची वाटही वाचता आली पाहिजे.