दादींचा सात लाल

आमची धाकटी अरबी कायदा शिकायला बसली आणि म्हणाली, "जीम हिरवा आहे, दाल तपकिरी." छपाई तर काळी! आधी आम्ही हसलो. मग रागावलो, खोटं बोलणं गुनाह आहे म्हणून समजावलं. शेजारणीच्या सांगण्यावरून नजरही उतरवली. पोर गप्प झाली. आम्हाला वाटलं, गेलं एकदाचं.

डोळे तपासायला नाशिकला नेलं, तेव्हा डॉक्टर म्हणाले, हा आजार नाही. याला सिनेस्थेशिया म्हणतात. काहींना अक्षर, आकडा किंवा आवाजाबरोबर रंग जाणवतो, तो सहसा बदलत नाही, आणि हे बऱ्याचदा घराण्यात चालतं. इंग्लंडच्या फ्रान्सिस गाल्टन यांनी १८८० च्या सुमारास अशा माणसांच्या हकिकती जमवल्या होत्या.

सिन्नरला परतून हे सांगितलं, तर दादींचे विड्या वळणारे हात थांबले. "म्हणजे सगळ्यांना सात लाल दिसत नाही?" लहानपणी हे बोलल्या म्हणून त्यांनी थप्पड खाल्ली होती. त्यानंतर हजारो विड्या रंगांनी मोजल्या, पण कुणापाशी शब्द काढला नाही.

आम्ही पोरीची माफी मागितली. तिचं लक्ष नव्हतंच.

"दादी, तुमचा जीम कसा?"

"पिवळा."

"हिरवा!"

भांडण अजून मिटलेलं नाही.