गाडीचे दिवे

दिवाळी अंकात दिव्यांवर लिहायचे म्हणजे पणतीवर लिहावे, आकाशकंदिलावर लिहावे, फार तर समईच्या ज्योतीपाशी बसून थोडे हळवे व्हावे, असा संकेत आहे. तो मोडण्याची मला हौस नाही. पण गेले वर्षभर माझ्या मनात जो दिवा घर करून बसला आहे तो बारा व्होल्टचा आहे. बोटाएवढ्या काचेच्या नळीत तो मावतो आणि त्याच्या बुडाला पत्र्याच्या तीन जिभा आहेत. त्याला वात नाही, तेल नाही, आणि त्याच्यावर कुणी कविता केल्याचे माझ्या ऐकिवात नाही. माझ्या जुन्या मारुती आठशेच्या पुढच्या दिव्यातला तो बल्ब.

ही गाडी माझ्याकडे आली तेव्हाच तिचे तारुण्य ओसरले होते. नोंदणीची पंधरा वर्षे तिने केव्हाच पुरी केली. आता दर पाच वर्षांनी तपासणीला उभे राहून ती पुढचे आयुष्य मागून घेते. शाळामास्तराला, त्यातून कादंबऱ्या लिहिणाऱ्या मास्तराला, याहून नवी गाडी शोभतही नाही. दिवसा ती नेकीने चालते. रात्री मात्र तिचा उजेड असा पडे, की जणू कंदिलाची काच पुसायची राहून गेली आहे. त्यातच गेल्या पावसाळ्याच्या अखेरीस डावा दिवा पूर्ण मिटला आणि एका डोळ्याने गाडी हाकायची पाळी माझ्यावर आली.

भूम हे बालाघाटाच्या रांगांत वसलेले तालुक्याचे गाव. इथल्या खव्याची कीर्ती दूरवर गेली आहे, पण मोठा दवाखाना, मोठी बाजारपेठ आणि आगगाडी यांसाठी आम्हांला बार्शीच गाठावी लागते. (बार्शी लाइट रेल्वेतले ‘लाइट’ म्हणजे दिवा, अशी लहानपणी माझी समजूत होती. ते ‘लाइट’ वजनाचे. १८९७ साली सुरू झालेली, अडीच फुटी रुळांवरची ती हलकी गाडी.) बार्शीचे काम दिवसा उरकत नाही, म्हणून परतताना अंधार ठरलेला. आणि दसऱ्यानंतरचा आमच्याकडचा अंधार नुसता काळा नसतो. त्यात माणसे चाललेली असतात.

हे शहरातल्या वाचकाला थोडे समजावून सांगायला हवे. दसरा-दिवाळीच्या सुमारास साखर कारखान्यांचे गाळप सुरू व्हायच्या बेतात असते आणि बीड-धाराशिवकडची हजारो कुटुंबे ऊसतोडीला निघतात. नवरा-बायकोच्या जोडीला मुकादमाच्या वहीत ‘एक कोयता’ म्हणतात. माणसांची मोजदाद हत्याराने करणारा दुसरा धंदा माझ्या पाहण्यात नाही. उचल घेतलेली असते, ती फेडायला निघावेच लागते. कारखाना लांबचा असला तर बैलांसकट संसार ट्रकमध्ये चढतो. जवळचा असला तर बैलगाडी रस्त्यानेच चालू लागते. गाडीत ज्वारीचे पोते, पत्र्याची पेटी, चूल, कोंबड्या, आणि चिंध्यांच्या गोधडीत निजलेली मुले. त्या मुलांतली काही माझ्या वर्गातली असतात. कोणी आजीपाशी मागे राहते, कोणाची हंगामी वसतिगृहात सोय होते. बाकीच्यांच्या नावांपुढे माझ्या हजेरीपटात होळीपर्यंत गैरहजेरी लागते.

अशा बैलगाडीला मागे दिवा नसतो. फार तर जुवाला एखादा कंदील, तोही पुढे. गाडी समोरून येत असली तर आधी बैलांचे डोळे दिसतात. त्यांच्या डोळ्यांच्या पाठीमागे आरशासारखा थर असतो, त्यामुळे ते हिरवट चमकतात. मागून गेले तर काहीच चमकत नाही. पुढे हंगाम भरात आला की ट्रॅक्टर निघतात. मागे दोन दोन ट्रॉल्या, ट्रॉलीबाहेर हातभर आलेला ऊस, आणि पुढच्या दोन दिव्यांपैकी एकच चालू. लांबून मोटारसायकल वाटावी आणि जवळ येताच तिच्याएवढी जागा सोडणाऱ्याच्या अंगावर भिंत यावी. आमच्या नात्यातला एक तरुण असाच उभ्या ट्रॉलीवर मागून आदळून गेला. तेव्हापासून बार्शीहून यायला उशीर झाला की घरातली मंडळी दारात येऊन उभी राहतात.

म्हणून दिवा मिटला तेव्हा पत्नीने बजावले, “अहो, आता बदलायचेच आहेत तर चांगले लख्ख बसवून घ्या.” मी लख्ख दिव्यांच्या शोधात निघालो.

दुकानदाराने गल्ल्यावर तीन मोहिनी मांडल्या. पहिली शंभर-नव्वद वॅटची. “गुरुजी, एकदा लावा, परत विचारणार नाही,” असे तो म्हणाला, आणि ते खोटे नव्हते. कारण मूळच्या साठ-पंचावन्न वॅटच्या बल्बासाठी ओढलेल्या बारीक तारांतून एवढा प्रवाह गेला की आधी होल्डर वितळतो आणि मग विचारायला काही उरत नाही. दुसरी निळ्या काचेची. तिचा उजेड पांढराशुभ्र, नव्या महागड्या गाडीसारखा. पण निळी काच उजेडात भर घालीत नाही, त्यातला पिवळा-तांबडा भाग गाळून टाकते. दुधातली साय काढून ते अधिक पांढरे दिसते म्हणून जास्त दामाला विकावे, त्यातला हा प्रकार! फ्रान्समध्ये तर १९३६ च्या हुकुमाने गाड्यांना पिवळेच दिवे सक्तीचे झाले होते आणि १९९३ पर्यंत तो नियम टिकला. तिसरी मोहिनी सर्वांत जबर: एलईडी. दीड हजाराची जोडी. वीज कमी खाते, उजेड डोळे दिपवणारा. आमच्या शेजाऱ्यांनी त्यांच्या जुन्या जीपला ती बसवली आहे. रात्री त्यांची जीप गल्लीत वळली की आमच्या घरातल्या देवांच्या तसबिरीसुद्धा उजळतात.

मी ती जोडी हातात घेतलीही होती. ती परत ठेवायला लावली एका म्हाताऱ्या वायरमनने. बसस्थानकामागे एका पत्र्याच्या शेडमध्ये तो बसतो. त्याने माझ्या गाडीचे बॉनेट उघडले, तीन पायांचा कपलर ओढून काढला, रबरी टोपी सोडवली, तारेची कळ दाबली आणि जुना बल्ब बाहेर काढून माझ्या तळहातावर ठेवला. “वाचा गुरुजी,” तो म्हणाला, “तुमच्या कामाची चीज हाय.”

खरोखर वाचण्यासारखीच होती. माझी विद्या मॅट्रिकपुरती, पण त्या बोटभर नळीत माणसाने किती विचार कोंबला आहे हे पाहून मी थक्क झालो. मोटारीत हॅलोजनचा बल्ब युरोपात १९६२ साली आला, पण त्यात तार एकच होती. एकाच बल्बात दोन तारा असलेला हा एच-फोर १९७१ सालचा. टंगस्टनची तार तापून तिचे कण उडतात. साध्या बल्बात ते काचेवर बसून ती काळवंडते. इथे आतल्या वायूतले हॅलोजन त्या कणांना धरते आणि पुन्हा तारेपाशी आणून सोडते. काच साधी नसून क्वार्ट्झची, कारण ती फार तापते. म्हणूनच तिला बोट लावायचे नसते. बोटाचा तेलकट ठसा तापून तेवढीच जागा कमजोर होते. वायरमनने नवा बल्ब कागदाच्या चिठ्ठीत धरून बसवला, लग्नात अक्षता धराव्यात तसा.

पण मला मोहात पाडले ते दोन तारांतल्या एका इवल्याशा पत्र्याच्या वाटीने. वरच्या उजेडाची, म्हणजे अप्परची तार मोकळी आहे. तिचा उजेड दिव्यातल्या सगळ्या आरशावर पडतो आणि लांब जातो. डिपरची तार थोडी पुढे आहे आणि तिच्याखाली ही वाटी धरलेली आहे. वाटीमुळे त्या तारेचा उजेड आरशाच्या वरच्या अर्ध्या भागावरच पडतो आणि तिथून उलटून खाली रस्त्यावर येतो. वर, समोरच्याच्या डोळ्यांत जाऊ शकणारा उजेड उगमापाशीच अडवलेला असतो. आपल्याकडे वाहने डावीकडून चालतात, म्हणून उजेडाची कड डाव्या बाजूला तेवढी थोडी उचललेली; कडेचा दगड दिसावा, पायी चालणारा दिसावा, आणि उजवीकडून येणाऱ्याच्या डोळ्यांना त्रास होऊ नये. तीन जिभांपैकी एक रुंद, ती वरच येते. बल्ब उलटा बसवू म्हटले तरी बसत नाही. आरशाचा सारा हिशेब तारेच्या एका विशिष्ट जागेवर आहे. एलईडीच्या दांडीवर उजेड निघतो तो चपट्या ठिपक्यांतून. तो तारेची नेमकी जागा आणि आकार क्वचितच साधतो, आणि मग आरसा गोंधळून उजेड चहूकडे उधळतो. १९८९ च्या केंद्रीय मोटार वाहन नियमांतही म्हटले आहे, की दिव्याचा झोत कायम खाली वळलेला असावा आणि आठ मीटरवर, दीड मीटर उंचीवर असलेल्या डोळ्यांना तो दिपवू नये. दीड मीटर म्हणजे माणसाचे डोळे. बैलाचे त्याहून थोडे खालीच.

मग माझा उजेड थकला होता तो कशाने? वायरमनने मीटर लावला. इंजिन चालू असताना बॅटरीपाशी साडेतेरा व्होल्ट, आणि चालू दिव्याच्या होल्डरपाशी जेमतेम अकरा. मधले अडीच व्होल्ट जुन्या तारांनी, गंजलेल्या अर्थिंगने आणि झिजलेल्या स्विचाने वाटेतच खाल्ले होते. बल्बाचा स्वभाव असा, की दाब थोडा उतरला की उजेड त्याच्या कितीतरी पटीने उतरतो. अकरा व्होल्टवर तो जवळजवळ निम्माच राहतो. म्हणजे दुकानात लख्ख दिवा शोधीत मी हिंडत होतो आणि माझा निम्मा उजेड माझ्याच गाडीच्या तारांत अडकून पडला होता. त्याने अर्थिंग खरवडून साफ केले, बॅटरीपासून नव्या जाड तारा ओढल्या, दोन रिले बसवले, आणि मूळच्याच साठ-पंचावन्नची नवी जोडी घातली. उजवा बल्ब अजून जळत होता, तोही काढायला लावला. “जोडी संगंच बदलायची,” तो म्हणाला, “बैलाची बी आन् बल्बाची बी.”

तरीही पत्नीच्या ‘लख्ख’ या शब्दाला मी सर्वस्वी उत्तर देऊ शकत नव्हतो. एलईडीने लांबचे अधिक दिसते, हे खरेच आहे, आणि ज्याच्या घरचे माणूस अंधारात गेले त्याला दुसऱ्याच्या डोळ्यांचा विचार कर, असे सांगायला जड जाते. शेजाऱ्यांनाही मी ते कधी सांगितले नाही. तो प्रश्न सोडवला माझ्या वर्गातल्या सातवीच्या एका मुलाने. त्याचे आईबाप दर हंगामाला गाडीबैल घेऊन जातात. ट्रॅक्टरच्या धड्यावरून बोलता बोलता तो म्हणाला, “गुरुजी, पांढऱ्या लाइटीची गाडी आली की बैल बुजत्यात. बापाला काय दिसंना होतं, मग बैल जातील तिकडं गाडी. मी मागं चिपाडाची चूड पेटवून धरतो.” चूड धरून बसलेले ते पोर माझ्या मनातून हलेना. डोळे दिपले की परत नीट दिसायला चार क्षण लागतात; ताशी साठच्या वेगाने गाडी तीन सेकंदांत पन्नास मीटर जाते. बैलगाडी तेवढ्यात चार पावलेच जाते, पण ती चार पावले खड्ड्याकडे असू शकतात.

मी वेग उतरवला. साठच्या वेगाने, दिसल्यापासून गाडी थांबेपर्यंत पंचेचाळीस-पन्नास मीटर लागतात, आणि डिपरमध्ये काळी वस्तू साधारण तेवढ्यावरच दिसते. म्हणजे माझ्या दिव्यांना पेलणारा रात्रीचा वेग साठही नाही, पन्नास. बार्शीहून यायला पंधरा मिनिटे अधिक लागतात, तेवढा वेळ मंडळींनी दारात उभे राहू नये म्हणून निघतानाच फोन करतो.

राहिले दिव्यांची नजर बसवणे. हे काम शाळेतच झाले. संध्याकाळी सपाट आवारात, भिंतीपासून दहा मीटरवर गाडी उभी केली. दिव्यांच्या मध्याची उंची मोजून भिंतीवर खडूने आडवी रेघ ओढली आणि तिच्याखाली दहा सेंटिमीटरवर दुसरी. डिपरच्या उजेडाची कड खालच्या रेघेवर यावी, एवढेच गणित. पाचसात मुले जमली. एकाला चालकाच्या जागी बसवले, कारण गाडीत माणूस बसला की तिची पुढची मान थोडी उचलते. स्क्रू फिरवता फिरवता कड रेघेवर येऊन थांबली तेव्हा मुलांनी असा जल्लोष केला की तेरखेड्याचे फटाके फिके पडावेत.

त्या दुकानदाराकडून मी शेवटी आणखी एक जिन्नस घेतला होता: लाल रेडियमच्या पट्टीची गुंडाळी. आमच्याकडे चकाकणाऱ्या चिकटपट्टीला रेडियमच म्हणतात. तिच्यात स्वतःचा उजेड नसतो. आपल्याच दिव्याचा उजेड ती जिथून आला तिकडे परत धाडते. हंगामात कारखाने आणि पोलीस गाड्यांना ती लावतात, पण गावाहून निघालेली गाडी कारखान्यावर पोहोचेपर्यंत तशीच असते. चार गाड्यांच्या मागच्या फळीला आम्ही पट्ट्या लावल्या. सातवीतल्या त्या मुलाने उरलेली दोन फूट पट्टी मागून घेतली, बैलांच्या शिंगांना लावायची म्हणून. दुसऱ्या दिवशी त्याने सांगितले, की शिंगांना तेल होते, चिकटेना, म्हणून जुवाला मागून लावली. भाऊबीज आटोपली की त्यांची गाडी निघणार आहे.