कुसानागीचा ताळा

पालकहो, जपानमध्ये वाढणारं आपलं पोर क्रिकेट सोडून बेसबॉलला लागलं म्हणून हळहळताय? त्याला शिझुओकाच्या कुसानागी मैदानावर न्या. 20 नोव्हेंबर 1934 ला इथे 17 वर्षांच्या एइजी सावामुराने बेब रूथला स्ट्राइक-आउट केलं. सामना मात्र लू गेरिगच्या होमरनमुळे 0-1 गेला. तरी बाहेर रूथबरोबर सावामुराचाही पुतळा आहे!

असे जुने सामने तपासत बसणारे इतिहासवेडे खूप आहेत. 1971 पासून 'साबर' ही त्यांची अमेरिकेत संस्थाच आहे. स्कोअरकार्डाचा ताळा मला, सीए बाईला, फार आवडतो: प्रत्येक फलंदाज एकतर धाव, नाहीतर बाद, नाहीतर बेसवर शिल्लक. ट्रायल बॅलन्सच की! पोराला वही द्या, जुळवू दे.

सावामुरा 1944 मध्ये युद्धात गेला, 27 व्या वर्षी. हे स्कोअरकार्डात नसतं. ते तुम्ही सांगा, मराठीत.