वॅट गेले तेल लावत!

आमचा चौघांचा ग्रुप कॅफेमध्ये गाणी-कवितांचे कार्यक्रम करतो. श्रोते पन्नास-साठ, मानधन बेताचंच. साउंडवाल्याचं भाडं दिलं की उरतात वडापावपुरते पैसे! म्हणून स्वतःचीच सिस्टिम घ्यायचं ठरलं आणि मी अख्खा लॅमिंग्टन रोड पालथा घातला.

दुकानात पहिला प्रश्न एकच, ‘किती वॅट?’ अहो, वॅट दुप्पट केले तरी आवाज वाढतो जेमतेम ३ डेसिबल. कानाला दुप्पट वाटायला वॅट साधारण दहापट लागतात! त्यापेक्षा स्पीकरची सेन्सिटिव्हिटी विचारा. ती ३ डेसिबलने जास्त असेल, तर निम्म्या वॅटमध्ये तेवढाच आवाज मिळतो. १०० व्होल्ट लाइनचा अ‍ॅम्प्लिफायर मैदानभर कर्णे टांगायला झकास, कॅफेतल्या दोन स्पीकर्सना नको.

खरी मेख मिक्सरमध्ये. यामाहाच्या ‘एमजी१०’ला नावात दहा, पण माइकच्या जागा चारच. आमचे तीन माइक, चौथ्यात गिटार. म्हणजे तेवढ्याने भागतं. अडतं ते मॉनिटरपाशी. हॉलचा आवाज कमी केला तरी गाणाऱ्याच्या मॉनिटरमधला तसाच राहायला हवा, तर प्री-फेडर ऑक्स लागतो आणि अगदी छोट्या मिक्सरवर तो बहुधा नसतोच. आमच्या गायिकेला स्वतःचा आवाज ऐकू येत नाही, मग ती ओरडून गाते आणि दुसऱ्या दिवशी घसा बसतो. दिवसा ती कॉल सेंटरमध्ये. घसा बसला की कामाचीही पंचाईत!

त्यामुळे बजेट ताणलं ते फक्त ऑक्ससाठी. सबवूफर पुढच्या दिवाळीला बघू.