तात्याजी आणि छत्तीस पाने

पासपोर्टची मुदत संपते हे सगळ्यांना ठाऊक असते. त्याची पाने संपतात हे मात्र ज्याची संपली त्यालाच कळते. माझी २०१३ सालच्या उन्हाळ्यात संपली. मुदत अजून तीन वर्षे शिल्लक होती. दारेसलामहून परतताना तिथल्या विमानतळावरच्या अधिकाऱ्याने माझे पुस्तक पुढून चाळले, मागून चाळले, आणि शेवटी एका जुन्या शिक्क्याच्या डोक्यावरच नवा शिक्का हाणून, पुढच्या वेळी दुसरे पुस्तक घेऊन ये, असे बजावले.

माझा धंदा मागांचा. वडील बुऱ्हाणपुरात लालबागच्या ताप्ती मिलमध्ये होते. मी आयटीआय करून गावातल्या यंत्रमागांवर जॉबरकी शिकलो. पुढे गुजरातेतल्या एका यंत्रे बनवणाऱ्या कंपनीत लागलो. कंपनी परदेशात माग विके. माग जहाजाने जात आणि ते उभे करायला माणूस विमानाने जाई. तो माणूस मी. टांझानिया, केनिया, इथिओपिया, बांगलादेश. लोकांना वाटे, काय मजा आहे! मजा अशी की विमानतळ, कारखान्याची शेड आणि पाहुण्यांची खोली, एवढेच काय ते देश मी पाहिले. धोटा जसा या कडेहून त्या कडेला जातो आणि कापड काही बघत नाही, तसे.

आमच्या गावाला परदेशाची नवलाई तशी कमीच. सतराव्या शतकात ताव्हेर्निये नावाचा फ्रेंच जवाहिऱ्या इथून गेला. इथले तलम कापड इराण, तुर्कस्तान, अरबस्तान, कैरो, थेट पोलंडपर्यंत जाते, असे त्याने लिहून ठेवले आहे. त्याआधी १६१५ च्या नोव्हेंबरात इंग्रजांचा वकील सर थॉमस रो इथे शहजादा परवेझपुढे उभा राहिला आणि वखारीचा परवाना मागून घेता झाला. म्हणजे या गावात कागदासाठी ताटकळणारा मी काही पहिला नव्हे. आजही दर्गा-ए-हकीमीला जगभरचे बोहरी यात्रेकरू येतात. दारेसलामला एखाद्या बोहऱ्याच्या दुकानात मी बुऱ्हाणपूरचा आहे असे म्हटले, की आधी खुर्ची मिळे, मग चहा. तिथे स्वाहिलीतही चहाला चायच म्हणतात आणि मोटारीला गारी. आपलीच गाडी ती.

तर पाने. साधा पासपोर्ट छत्तीस पानांचा असतो, पण सगळी पाने काही शिक्क्यांसाठी नसतात. पहिल्या आणि शेवटच्या पानावर आपली स्वतःची माहिती असते. मधल्या पानांवर व्हिसाचा कागद चिकटवतात, तो पानभर. मग मुंबईत निघताना एक शिक्का, तिकडे उतरताना दुसरा, तिकडून निघताना तिसरा, परत मुंबईत चौथा. चार शिक्के एका पानावर आरामात बसतील. पण शिक्का मारणारा माणूस मोठा रसिक असतो. त्याला कोरे पान दिसले की राहवत नाही. भरलेल्या पानाच्या कोपऱ्यात जागा असली तरी तो नवे पान उघडणार आणि त्याच्या बरोबर मधोमध, किंचित तिरका, शिक्का मारणार. एवढ्याने ते पान बाद, कारण व्हिसाला अख्खे पान लागते. दक्षिण आफ्रिकेसारखा देश तर दोन पाने कोरी असल्याखेरीज आत घेत नाही. मी पुढे पुढे खिडकीशी पासपोर्ट देतानाच भरलेले पान उघडून, कोपऱ्यावर बोट ठेवून, ‘तफाधाली’ म्हणू लागलो. स्वाहिलीत त्याचा अर्थ ‘कृपा करून’. कोणी ऐके, कोणी नाही.

नवे पुस्तक मागण्याच्या अर्जात कारणांची यादी असते. मुदत संपली, हरवला, फाटला, आणि पाने संपली. म्हणजे सरकारलाही हे ठाऊक आहे तर, असे वाटून बरे वाटले. छत्तीस पानांना पंधराशे रुपये, साठ पानांना दोन हजार. मी साठवाल्यावर खूण केली. पण हा अर्ज म्हणजे फक्त पाने मागणे नव्हे. पुस्तक नवे, म्हणजे त्यातला मजकूर पुन्हा पहिल्यापासून तपासायचा. माझी खरी अडचण तिथे होती, आणि ती चाळीस वर्षे जुनी होती.

१९७० साली माझे नाव हिंदी शाळेत घातले. तात्या स्वतः मराठी चौथी शिकलेले. त्यांच्या लहानपणी आमचा निमाड जुन्या मध्य प्रांतात होता, राजधानी नागपूर, आणि मराठी ही दारची भाषा होती. १९५६ ला विदर्भ तिकडे गेला, आम्ही इकडे राहिलो, राजधानी भोपाळ झाली. १९५४ साली देशात पहिली पाच पासपोर्ट कार्यालये उघडली त्यात मुंबई, कलकत्ता, दिल्ली, मद्रास यांच्या जोडीला पाचवे नागपूर होते. तेव्हा तात्यांना परदेशी जायचे असते तर ते नागपूरला गेले असते आणि त्यांच्याशी कारकून मराठीत बोलला असता. पण परदेशी जायचे होते मला, आणि मला भोपाळ होते. असो. शाळेत घालायला तात्या येऊ शकले नाहीत, त्यांची पहिली पाळी होती. थोरला चुलतभाऊ मला दारात सोडून पळाला. मास्तरांनी विचारले, “पिताजी का नाम?” मी सांगितले, “तात्या.” मास्तर भले गृहस्थ. एखाद्याच्या बापाला नुसते तात्या कसे लिहायचे? त्यांनी आदराने ‘तात्याजी’ लिहिले.

ते नाव रजिस्टरातून दाखल्यावर आणि दाखल्यावरून अंकसूचीवर उतरले. (गुणपत्रिकेला आम्ही इकडे अंकसूचीच म्हणतो.) १९९६ साली पहिला पासपोर्ट काढला तेव्हा जन्मतारखेचा पुरावा म्हणून अंकसूची जोडली आणि एजंटाने तिच्यावरूनच अर्ज भरला. पासपोर्ट आला, हाताने लिहिलेला, ठसठशीत अक्षरात. तात्यांनी चष्मा चढवून एकेक अक्षर लावले आणि वडिलांच्या नावापाशी थांबले. “हा तात्याजी कोण रे?” मी सगळी हकीकत सांगितली. अत्र्यांच्या नाटकावर त्यांचे फार प्रेम. पणशीकरांसारखा हात करून म्हणाले, “तो मी नव्हेच!” सगळे घर हसले. मीही.

२००६ ला मुदत संपली. कंपनीची घाई होती, दहा दिवसांनी ढाका. आहे तसेच करून घेतले. छापील पासपोर्ट आला, त्यातही तात्याजी. या खेपेला तात्यांनी शेवटचे पान पाहिले, मिटले आणि माझ्या हातात परत दिले. नाटकातले काही म्हटले नाही. आई स्वयंपाकघरातून एवढेच म्हणाली, “त्यांचं नाव घालायला किती पैसे पडतात रे?” मला ते विसरता आले नाही आणि मी काही केलेही नाही.

मात्र शिक्क्यांचा त्यांना नाद होता. प्रत्येक खेपेहून आलो की पासपोर्ट आधी त्यांच्या खाटेवर. मी बॅगेतले सामान काढी, ते नवा शिक्का शोधत. हा तिकोनी कुठला? ही तारीख कशी उलटी? आयुष्यात ते पश्चिमेला मुंबई आणि उत्तरेला उज्जैन यापलीकडे गेले नव्हते, पण अदिस अबाबाचा शिक्का कोणत्या पानावर आहे ते त्यांना मला विचारावे लागत नसे.

पहाटेच्या पंजाब मेलने भोपाळला गेलो. तिथे तीन टप्पे असतात, अ, ब आणि क. पहिल्या खिडकीवर फोटो, बोटांचे ठसे, पैसे. दुसऱ्या खिडकीवर एक वयस्क बाई होत्या. त्यांनी माझा पासपोर्ट एका हातात धरला, पॅन कार्ड दुसऱ्या हातात.

“ये तात्याजी कौन हैं?”

“मेरे पिताजी.”

“और पैन कार्ड पर जो हैं?”

“वे भी मेरे पिताजी.”

बाईंनी चष्मा काढला. “कितने पिताजी हैं आपके?”

मागे कोणीतरी फिसकन हसले. मी मास्तरांची गोष्ट सांगितली. बाई हसल्या नाहीत, पण ऐकून घेतले. मग त्यांनी दोन वाटा सांगितल्या. नुसती पाने संपल्याचेच कारण असेल तर जुन्याप्रमाणे नाव ठेवून काम होईल. नाव सुधारायचे असेल तर तात्याजी आणि हे गृहस्थ एकच आहेत हे दाखवणारे कागद घेऊन पुन्हा यावे लागेल, आणि पोलीस तपासणीही होईल. मी बाहेर येऊन कंपनीला फोन केला. साहेब म्हणाले, “जैसा है वैसा करवा लो, बाद में देखेंगे.” मवांझाला चोवीस माग खोक्यांत पडून होते. तीन महिन्यांचे काम, वर परदेशचा भत्ता. धाकटीचे लग्न ठरत होते.

खरे सांगायचे तर मी मोठा विचार वगैरे काही केला नाही. शेजारच्या टपरीवर पोहे खाल्ले. तात्या तेव्हा एक्क्याऐंशीचे होते. नवा पासपोर्ट दहा वर्षांचा, हे गणित आपोआप डोक्यात झाले. आत जाऊन बाईंना म्हटले, कागद घेऊन येतो. मवांझाला दुसरा माणूस गेला. त्याने ते माग कसे बसवले याच्या तक्रारी मी पुढे दोन वर्षे ऐकल्या, पण तो वेगळा लेख होईल.

घरी तात्यांची पत्र्याची पेटी उघडली. मिलचा फोटो लावलेला गेटपास, फंडाचे कागद, मतदार ओळखपत्र. सगळीकडे नाव बरोबर. आता शपथपत्र हवे, की अंकसूचीतले तात्याजी ते मीच. धुतलेले धोतर नेसून तात्या माझ्या स्कूटरवर मागे बसले आणि आम्ही कचेरीत गेलो. टंकलेखकाने हिंदीत मजकूर केला. तात्यांनी वाचला आणि आडनावावर बोट ठेवले. आमच्या आडनावात मधोमध ळ आहे. त्याने ल केला होता.

“बाबूजी, हिंदी में ये अक्षर चलता नहीं.”

“आपको नहीं चलता होगा. नाम हमारा है.”

मी म्हटले, “तात्या, जाऊ द्या. पासपोर्टवर शेवटी इंग्रजीतच येणार आहे, तिथे दोन्हींना एकच अक्षर.” ते म्हणाले, “इंग्रजांची गोष्ट वेगळी. त्यांना जमतच नाही. ह्याची बायको खामगावची आहे, ह्याला जमतं.” तो टंकलेखक खरोखरच लाजला. शेवटी तात्यांनी माझे पेन घेऊन ल खोडला आणि वर वळणदार ळ काढला. नोटरीने सांगितले, खाडाखोड केली तिथे बाजूला छोटी सही करा, नाहीतर कोणी मानणार नाही. तात्यांनी ती केली. येताना मावा जिलेबी घ्यायला लावली आणि वाटेत स्कूटरवर मागून विचारले, “म्हणजे कागद चुकला तर आपणच खोडून सही करायची, की झालं?” मी हो म्हटले. वाऱ्यात काय सांगणार?

दुसऱ्या फेरीत काम झाले. जुन्या पासपोर्टचा कोपरा कापून, रद्दचा शिक्का मारून त्यांनी तो मला परत दिला. एखादा व्हिसा चालू असेल तर जुने पुस्तकही नव्याबरोबर बाळगावे लागते. माझ्या जुन्यात तसा एकही उरला नव्हता. मग ठाण्यातला हवालदार येऊन चहा पिऊन गेला, आणि एका दुपारी स्पीड पोस्टने साठ पानांचे जाड पुस्तक आले. (ते २०२३ साली मुदत संपून बाद झाले तेव्हा अर्धेअधिक कोरेच होते. आधी गुडघे, मग करोना. तात्या त्याआधीच, २०१८ ला गेले.)

त्या दुपारी तात्यांनी शेवटचे पान उघडले. आपले नाव, वडिलांचे नाव, आडनाव, एकेक अक्षर बोटाने लावले. बरोबर होते. मग ते पुढची पाने उलटू लागले. दहा उलटली, वीस उलटली.

“ह्यात तर काहीच नाही रे.”

“नवीन आहे, तात्या.”

त्यांनी ते मिटून मला दिले आणि जुना मागितला. कापलेल्या कोपऱ्यावरून अंगठा फिरवला. “हे आता सरकारच्या कामाचं नाही ना? नक्की?” मी नक्की म्हटले. त्यांनी पेन मागितले. शेवटच्या पानावरचे ‘तात्याजी’ एका सरळ रेघेत खोडले, वर मराठीत आपले नाव लिहिले, आडनावातला ळ सावकाश काढला, आणि बाजूला छोटी सही केली.