तीन घड्याळे आणि एक तिथी

बाबा गेले तेव्हा अतिदक्षता विभागात तीन घड्याळे होती. भिंतीवरच्या घड्याळात पहाटेचे ४:०६ झाले होते, खाटेशेजारचा मॉनिटर ४:१७ दाखवत होता आणि माझ्या हातातल्या मोबाइलवर ४:११ होते. डॉक्टरांनी भिंतीकडे पाहिले आणि कागदावर ४:०६ लिहिले. त्या वेळी मला त्यात काही वावगे वाटले नाही.

पुढे दिवसकार्याच्या वेळी गुरुजींनी श्राद्धतिथीसाठी मृत्यूची नेमकी वेळ विचारली. पंचांगाप्रमाणे त्या पहाटे ४:०९ ला अष्टमी संपत होती. म्हणजे रुग्णालयाच्या कागदाप्रमाणे बाबा अष्टमीला गेले होते आणि माझ्या मोबाइलप्रमाणे नवमीला. आई माझ्याकडे वळून म्हणाली, "तू तर घड्याळांवरच डॉक्टर झालीस ना गं? मग तूच सांग."

माझे पीएच.डी.चे काम लेसरने थंड केलेल्या रुबिडियमच्या अणूंवर होते. अशाच अणूंच्या आधारे आण्विक घड्याळे चालतात. एका नॅनोसेकंदात प्रकाश सुमारे ३० सेंटिमीटर अंतर कापतो, म्हणून दिक्चालनात एका नॅनोसेकंदाचीही चूक परवडत नाही, हे मी विद्यार्थ्यांना नेहमी सांगते. आणि इथे घरातल्या सर्वांत महत्त्वाच्या क्षणाच्या नोंदीत अकरा मिनिटांची तफावत होती.

खगोलशास्त्राच्या बाजूने प्रश्न सोपा आहे. चंद्र आणि सूर्य यांच्या रेखांशांतील अंतर बारा अंशांनी वाढले की एक तिथी पूर्ण होते. सूर्योदय गावागणिक बदलतो, पण तिथी संपण्याचा क्षण रायपूरला आणि रत्नागिरीला एकच असतो. आकाशाच्या हिशेबात संदिग्धता नव्हती. ती होती आमच्या भिंतीवर.

लहानपणी आकाशवाणीच्या बातम्यांआधीचे ते टूं-टूं ऐकताना मला वाटे की, दिल्लीत कुठेतरी एक अजस्र यंत्र असावे आणि त्याचा दट्ट्या हलला की साऱ्या देशाची वेळ पुढे सरकत असावी. कल्पना अगदीच खोटी नव्हती. नवी दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेत सीझियमची आण्विक घड्याळे आणि हायड्रोजन मेसर आहेत. भारतीय प्रमाणवेळ तिथे राखली जाते. १९६७ पासून सेकंदाची व्याख्याच सीझियम-१३३ अणूशी बांधलेली आहे : त्याच्या विशिष्ट प्रारणाची ९,१९,२६,३१,७७० आवर्तने म्हणजे एक सेकंद. मात्र हे यंत्र हुकूमशहा नाही. जगभरच्या प्रयोगशाळांतील चारशेहून अधिक घड्याळांची भारित सरासरी काढून पॅरिसजवळचे आंतरराष्ट्रीय वजनमापे कार्यालय जागतिक वेळ ठरवते, आणि आपले घड्याळ तिच्यापासून किती नॅनोसेकंद दूर होते, हे प्रत्येक देशाला मागाहून कळते. सर्वोच्च पातळीवरची वेळसुद्धा अखेर एक सहमती असते.

ही सहमती सहजासहजी झालेली नाही. भारतीय प्रमाणवेळ १ जानेवारी १९०६ रोजी लागू झाली. तिची ८२.५ अंश पूर्व ही रेषा आमच्या छत्तीसगढमधूनच जाते. रायपूरहून हावड्याकडे निघालेली गाडी बिलासपूर मागे टाकून चांपा येण्याआधी ती ओलांडते. त्यामुळे रायपूरचा सूर्य घड्याळाच्या जेमतेम साडेतीन मिनिटे मागे असतो आणि आम्हाला ही वेळ कधी टोचली नाही. मुंबईचा सूर्य मात्र ३९ मिनिटे मागे होता. नव्या वेळेविरुद्ध तिथल्या गिरणी कामगारांनी निषेध केला आणि 'मुंबई वेळ' पुढे १९५५ पर्यंत टिकून राहिली. आसामच्या चहाच्या मळ्यांत आजही एक तास पुढची 'बागान वेळ' पाळतात. राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेच्याच शास्त्रज्ञांनी २०१८ मध्ये 'करंट सायन्स'मध्ये लेख लिहून देशासाठी दोन प्रमाणवेळा सुचवल्या होत्या.

जानेवारी २०२५ मध्ये केंद्र सरकारने वैधमापन (भारतीय प्रमाणवेळ) नियमांचा मसुदा हरकती-सूचनांसाठी प्रसिद्ध केला. कायदेशीर, प्रशासकीय आणि व्यापारी व्यवहारांत भारतीय प्रमाणवेळ हाच एकमेव आधार असावा, हा त्याचा गाभा. त्यासाठी अहमदाबाद, बंगळूरू, भुवनेश्वर, फरिदाबाद आणि गुवाहाटी येथील प्रयोगशाळांतून वेळ देशभर पोहोचवण्याची योजना आहे. इस्रोने २९ मे २०२३ रोजी सोडलेल्या एनव्हीएस-०१ उपग्रहात स्वदेशी रुबिडियम घड्याळही आहे.

समाजमाध्यमांवर या मसुद्याची चर्चा 'एक देश, एक वेळ' या घोषणेभोवतीच फिरत राहिली. मला यात दोन गोष्टी वेगळ्या करायच्या आहेत. घड्याळे जुळलेली असणे ही एक गोष्ट, आणि सर्वांनी एकाच आकड्याला उठणे ही दुसरी. बँकेचा सर्व्हर, विजेचे जाळे, परीक्षाकेंद्र, रुग्णालयाचा मॉनिटर यांची वेळ एकच हवी. तिथे तडजोड नको. पण अरुणाचलात उन्हाळ्यात साडेचारच्या आत उजाडते. तिथल्या शाळेची घंटा केव्हा व्हावी, हे सीझियमचा अणू सांगू शकत नाही. ते तिथल्या लोकांनीच ठरवायला हवे. यंत्राकडे आपण मोजमाप सोपवतो आहोत. निर्णयही त्याच्याकडे जाऊ नयेत, याची काळजी आपणच घ्यायची आहे.

आईला मी एवढेच सांगितले की, मोबाइलला वेळ नेटवर्कवरून मिळते, म्हणून तिन्हींत तीच खरी मानावी. शिवाय मृत्यू काही काट्याच्या ठोक्याला होत नाही. आपण लिहितो तो क्षण डॉक्टरांनी मान हलवल्याचा असतो. तरी मला विचारशील तर नवमी. कागदावर मात्र अष्टमीचीच वेळ राहील.

आई थोडा वेळ गप्प बसली. मग म्हणाली, "कागद सरकारला राहू दे. आपण नवमी धरू."

महिन्याभराने काही कागद आणायला मी पुन्हा त्या रुग्णालयात गेले, तेव्हा पाय आपोआप त्या विभागाकडे वळले. काचेतून दिसणारे घड्याळ अजूनही पाच मिनिटे मागेच होते. दाराशी उभ्या असलेल्या सिस्टरना मी हे सांगितले. का सांगते आहे, ते सांगितले नाही. त्यांनी काही विचारलेही नाही. स्टूल ओढून त्या वर चढल्या, घड्याळ उतरवले, माझ्या मोबाइलमध्ये पाहून काटे पुढे सरकवले आणि ते परत खिळ्याला अडकवले.