दिसू दिलेले टाके

माहितीपट म्हणजे कॅमेऱ्यानं टिपलेलं वास्तव आणि संकलन म्हणजे त्या वास्तवाला लावलेली कात्री, असं आपण धरून चालतो. कात्री जितकी कमी चालली तितकं सत्य शाबूत, हा त्यातून निघणारा हिशेब. जर्मन माहितीपटकार हारून फारोकी (१९४४–२०१४) यांची कारकीर्द हा हिशेब चुकीचा ठरवते. जगाच्या प्रतिमा आणि युद्ध यांच्या नात्यावरच्या १९८८ सालच्या माहितीपटात ते एका हवाई छायाचित्रापाशी पुन्हा पुन्हा येतात. ४ एप्रिल १९४४ रोजी दोस्त राष्ट्रांच्या विमानानं आय. जी. फार्बेनच्या कारखान्याचे फोटो घेतले, त्यात शेजारची आउश्वित्झची छावणीही आली. पण तपासणारे कारखाना शोधत होते, म्हणून त्यांना कारखानाच दिसला. छावणी ओळखली गेली १९७७ मध्ये, तीही कोणी ती शोधायला बसलं तेव्हा. ३३ वर्षं त्या फोटोला कुणी कात्री लावली नव्हती, तरी तो मुकाच होता.

यावर रास्त आक्षेप असा, की प्रचारपटही संकलनातूनच बनतात. मग संकलकावर विश्वास का ठेवायचा? उत्तर फारोकींच्या ‘आउफशुब’ (२००७) या माहितीपटात आहे. नेदरलँड्समधल्या वेस्टरबोर्क छावणीत १९४४ साली कमांडंटच्या हुकमावरून रुडॉल्फ ब्रेस्लाउअर या कैद्यानं केलेलं चित्रीकरण फारोकींनी घेतलं. त्यांनी त्याला आवाज दिला नाही, संगीत घातलं नाही. फक्त लिखित पाट्या जोडल्या. तीच दृश्यं दुसऱ्यांदा वेगळ्या पाटीसोबत येतात आणि अर्थ आपल्यादेखत पालटतो. प्रचारपट टाके लपवतो. फारोकी ते दिसू देतात, म्हणजे पटलं नाही तर प्रेक्षकाला उसवून पाहता येतं.

दुसरा आक्षेप अधिक बोचरा आहे: इतकी चिकित्सा थंड नाही का, माणसांच्या यातनांचं कोडं करणारी? १९६९ च्या व्हिएतनामविषयक लघुपटात मात्र याच माणसानं पेटती सिगारेट स्वतःच्या हातावर विझवली. सिगारेट जळते सुमारे ४०० अंशांवर, नापाम ३,००० अंशांवर, एवढंच सांगितलं. जळालेली शरीरं दाखवली तर लोक डोळे मिटतील, हे त्यांनी ओळखलं होतं. ‘आउफशुब’मध्येही एका बाईच्या सूटकेसवरचं नाव आणि जन्मतारीख वाचता येते, आणि त्यावरून कैद्यांना नेणारी गाडी सुटल्याचा दिवस ठरतो: १९ मे १९४४. चित्र थांबवल्याशिवाय ती अक्षरं वाचता आली नसती. ज्याला आपण थंडपणा म्हणतो, त्यानंच गर्दीतल्या एका बाईला तिचं नाव परत दिलं.